खरा आदेश, खोटा आदेश आणि मधले दहा तास

सप्टेंबर २०२५. हरियाणातल्या अंबाल्यात एका ज्येष्ठ दाम्पत्याला फोन येतो. समोरचे लोक स्वतःला तपास यंत्रणांचे अधिकारी म्हणवतात. व्हिडिओ कॉलवर ते चक्क सुप्रीम कोर्टाचा आदेश दाखवतात. शिक्का आहे, न्यायमूर्तींची सही आहे, भाषाही अगदी कोर्टाची. ऐकलं नाहीत तर अटक होईल, खाती गोठवली जातील, अशी धमकी दिली जाते. घाबरलेले दोघे एक कोटीहून जास्त रुपये सांगितलेल्या खात्यांत भरून टाकतात. सगळा प्रकार खोटा होता. त्यांनी लिहिलेल्या पत्राची सुप्रीम कोर्टाने १७ ऑक्टोबर २०२५ ला स्वतःहून दखल घेतली आणि ‘डिजिटल अरेस्ट’चा प्रश्न देशाच्या सर्वोच्च न्यायालयात पोहोचला.

चोरांनी या कामासाठी कोर्टाचा आदेशच का निवडला? कारण ‘फ्रीज’, ‘स्टे’, ‘अंतरिम आदेश’ हे शब्द आपण बातम्यांत रोज ऐकतो, पण त्यांचा नेमका अर्थ बहुतेकांना माहीत नसतो. जे माहीत नसतं त्याची भीती घालणं सोपं. खरं तर आर्थिक फसवणुकीच्या प्रकरणात सामान्य माणसाच्या मदतीला सगळ्यात आधी काय येत असेल, तर तो कोर्टाचा अंतरिम आदेशच. तो कसा निघतो, काय करतो आणि काय करू शकत नाही, हे समजून घेतलं तर खोटा आदेश ओळखणंही सोपं जाईल.

निकाल नाही, ब्रेक!

परीक्षेचा पेपर फुटल्याचा संशय आला की विद्यापीठ काय करतं? आधी परीक्षा थांबवतं. पेपर खरंच फुटला का, कुणी फोडला, याची चौकशी नंतर होते. चौकशी संपेपर्यंत परीक्षा चालू ठेवली तर त्या चौकशीला काही अर्थच उरत नाही. अंतरिम आदेशाचंही तसंच. खटल्याचा निकाल लागायला वर्षं जातात. तोपर्यंत संशयिताच्या खात्यातले पैसे निघून गेले, वेबसाइट नव्या लोकांना गंडवत राहिली, तर निकाल आपल्या बाजूने लागूनही हाती काय येणार? म्हणून कोर्ट मधल्या काळापुरतं सांगतं, ‘आहे ते आहे तसं ठेवा. पैसे हलवू नका. जाहिरात बंद करा.’

दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या ३९ व्या आदेशात अशा मनाईहुकुमाची तरतूद आहे. तो देताना कोर्ट साधारण तीन गोष्टी बघतं. पहिली, तक्रारीत प्रथमदर्शनी दम आहे का? म्हणजे पूर्ण पुरावा नको, पण नुसता संशय किंवा राग पुरत नाही. दुसरी, आदेश दिला तर समोरच्याचं जास्त नुकसान होईल की नाही दिला तर तक्रारदाराचं? तिसरी, आत्ता थांबवलं नाही तर होणारं नुकसान नंतर भरून निघेल का? फसवणुकीत तिसरा मुद्दा फार जड ठरतो. पैसा एकदा दहा-बारा खात्यांत फिरून परदेशात गेला की तो कुठल्या निकालाने परत येणार?

एरवी कोर्ट दुसऱ्या बाजूला नोटीस पाठवून मग ऐकतं. पण नोटीस मिळताच समोरचा खातं रिकामं करेल अशी परिस्थिती असेल, तर कोर्ट एकतर्फी आदेश देऊ शकतं. मात्र तसं का केलं याची कारणं लिहावी लागतात आणि तो अर्ज शक्यतो ३० दिवसांत निकाली काढावा, असं कायदाच सांगतो. दुसरी बाजू येऊन आदेश उठवण्याची मागणीही करू शकते. म्हणूनच अंतरिम आदेश निघाला म्हणजे कुणी दोषी ठरला, असं होत नाही. बातमीत ‘कोर्टाचा दणका’ असं वाचलं तरी हे लक्षात ठेवायला हवं.

अमूलच्या नावाने दुकान

२०२० च्या लॉकडाऊनमध्ये घरोघरी नोकऱ्या गेल्या होत्या. कुणी छोटा धंदा सुरू करायचा विचार करत होतं. नेमकं अशा वेळी इंटरनेटवर अमूलची फ्रँचायझी देतो, डिस्ट्रिब्युटर बनवतो, असं सांगणाऱ्या वेबसाइट्स फिरत होत्या. नाव अमूल, लोगो अमूलचा, फॉर्मही एकदम प्रोफेशनल. नोंदणीचे म्हणून पैसे भरायचे आणि मग वाट बघत बसायचं.

अमूलची मालक असलेली गुजरातची सहकारी संस्था दिल्ली हायकोर्टात गेली. अडचण अशी की खटला भरायचा कुणावर? वेबसाइटमागचा माणूस कोण, कुठला, काहीच ठाऊक नाही. इथे अंतरिम आदेशाची खरी ताकद दिसते. चोर सापडेपर्यंत थांबायची गरज पडली नाही. जुलै २०२० मध्ये कोर्टाने वेबसाइटची नावं विकणाऱ्या कंपन्यांनाच सांगितलं, ही नावं निलंबित करा. माणूस हाती लागो न लागो, त्याचं दुकान बंद झालं. नाव माहीत नसलेल्या प्रतिवादीवर असा आदेश काढायचा असेल तर आपल्याकडे कागदोपत्री बऱ्याचदा ‘अशोक कुमार’ असं काल्पनिक नाव टाकतात. परदेशात त्याला ‘जॉन डो’ म्हणतात.

एक गोष्ट मात्र ध्यानात घ्या. हा दावा कंपनीने तिच्या ट्रेडमार्कसाठी लावला होता. ग्राहकाचं रक्षण झालं ते कंपनीने स्वतःचं नाव वाचवायला धाव घेतली म्हणून. ज्या फसवणुकीत कुठला मोठा ब्रँड वापरलेला नसतो, तिथे धावायला कोण येणार? तिथे तक्रार फसलेल्यांनाच करावी लागते. यावर पुढे बोलूच.

दहा तासांचा हिशेब

एप्रिल २०२४ मध्ये नॅशनल स्टॉक एक्स्चेंजने लोकांना सावध केलं होतं. एक्स्चेंजचे प्रमुख आशिषकुमार चौहान शेअर्सची टिप देतायत, असे व्हिडिओ सोशल मीडियावर फिरत होते. चेहरा त्यांचा, आवाज त्यांचा, पण व्हिडिओ डीपफेक. एक्स्चेंजचा कुठलाही अधिकारी शेअरची शिफारस करत नाही, हे सांगायची वेळ आली.

प्रकरण मुंबई हायकोर्टात गेलं. जुलै २०२४ मध्ये कोर्टाने अंतरिम आदेश दिला. एक्स्चेंजकडून तक्रार आली की सोशल मीडिया कंपन्यांनी दहा तासांच्या आत असे बनावट व्हिडिओ आणि अकाउंट्स काढून टाकायची.

दहा तासच का महत्त्वाचे? स्वतःच्याच फोनवर बघा. सकाळी अपलोड झालेला रील कॉलेज सुटेपर्यंत तीन ग्रुप्सवर आलेला असतो. त्याखालच्या लिंकवरून कुणीतरी व्हॉट्सॲप ग्रुप जॉइन केलेला असतो. त्या ग्रुपमध्ये पन्नास जण ‘सर, आज १२ हजार प्रॉफिट झाला’ असे स्क्रीनशॉट टाकत असतात. अशा वेळी आठवड्याने निघालेला आदेश म्हणजे वरात गेल्यावर वाजवलेला बँड. कोर्टाने इथे दिवसांऐवजी तासांचा हिशेब लावला, हे फार मोठं पाऊल आहे. पण त्या दहा तासांचं घड्याळ सुरू होतं ते तक्रारीनंतर. कुणी कळवलंच नाही, तर ते सुरूच होत नाही.

ब्रेक उशिरा लागला तर?

ब्रेक वेळेवर लागला नाही तर काय होतं, याचं सगळ्यात मोठं उदाहरण सहाराचं. ‘सेबी’ने २४ नोव्हेंबर २०१० ला अंतरिम आदेश काढला. सहारा समूहातल्या दोन कंपन्या डिबेंचर विकून लाखो लोकांकडून पैसे गोळा करत होत्या. असा पैसा लोकांकडून घ्यायचा तर सेबीचे नियम पाळावे लागतात आणि ते पाळलेले नाहीत, असं सेबीचं म्हणणं होतं. म्हणून आदेश दिला, पैसे गोळा करणं थांबवा.

कंपन्या अलाहाबाद हायकोर्टाच्या लखनौ खंडपीठात गेल्या. डिसेंबर २०१० मध्ये तिथे सेबीच्या आदेशालाच अंतरिम स्थगिती मिळाली. म्हणजे थांबवणारा आदेशच थांबवला गेला! एप्रिल २०११ मध्ये हायकोर्टाने ती स्थगिती उठवली. दोनपैकी एका कंपनीची वसुली १३ एप्रिल २०११ पर्यंत चालू होती आणि परतफेड वजा करून तिच्याकडे १७,६५६ कोटी रुपये जमा होते. ३१ ऑगस्ट २०१२ ला सुप्रीम कोर्टाने दोन्ही कंपन्यांना आदेश दिला की गुंतवणूकदारांचे पैसे १५ टक्के व्याजासह परत करा. रक्कम २४ हजार कोटींच्या वर होती आणि गुंतवणूकदार कोट्यवधी. त्यानंतरही एक दशकाहून जास्त काळ हे प्रकरण कोर्टात चालत राहिलं.

अंतरिम आदेश मिळवणं ही दोन्ही बाजूंची लढाई असते, हे या प्रकरणातून दिसतं. पैसे गोळा करणाऱ्याकडे मोठे वकील असतात आणि कोर्टाने त्याचंही ऐकून घ्यायचं असतं, ते योग्यच आहे. पण त्या काही महिन्यांत कुणीतरी आपली पुंजी नव्याने भरत असतो.

आपल्याकडचा कायदा

महाराष्ट्राकडे यासाठी स्वतःचा कायदा आहे. ठेवीदारांच्या हितसंबंधांचं संरक्षण करणारा १९९९ चा हा कायदा ‘एमपीआयडी’ या नावाने ओळखला जातो. जानेवारी २०२५ मध्ये मुंबईत ‘टोरेस’ प्रकरण फुटलं, दादरच्या शोरूमबाहेर गर्दी झाली, तेव्हा हे नाव पुन्हा सगळ्यांच्या तोंडी आलं. मोझोनाइटचे चमकदार खडे घ्या आणि आठवड्याच्या आठवड्याला परतावा मिळवा, अशी तिथली स्कीम असल्याचा आरोप आहे. पैसे गुंतवलेल्यांत भाजीविक्रेत्यांपासून नोकरदारांपर्यंत सगळे होते. गुन्हा नोंदवताना एमपीआयडीची कलमं लावली गेली.

या कायद्याने सरकार संशयित आस्थापनेची आणि तिच्या चालकांची मालमत्ता तात्पुरती जप्त करू शकतं. मग विशेष न्यायालय दोन्ही बाजू ऐकून ती जप्ती कायम करायची की उठवायची ते ठरवतं. पुढे मालमत्ता विकून आलेली रक्कम ठेवीदारांमध्ये वाटता येते. पण इथेही साधं गणित आहे. जप्त होतं ते शिल्लक असलेलंच. जे आधीच उडालं, ते जप्तीत कुठून येणार? ओळखीतला पहिला माणूस ‘पैसे मिळत नाहीयेत’ म्हणाला, त्या दिवशी तक्रार झाली तर शिल्लक जास्त. सगळे मिळून ‘थोडं थांबू, देतील’ म्हणत बसले तर शिल्लक कमी.

आपलंच खातं गोठलं तर?

कॉलेजच्या मुलामुलींचा या विषयाशी दुसऱ्या बाजूनेही संबंध येतो. ‘तुझं अकाउंट फक्त वापरायला दे, महिन्याला पाच हजार घे,’ अशी ऑफर कँटीनमध्ये, हॉस्टेलवर, टेलिग्रामवर येते. कष्ट काही नाहीत, पॉकेटमनी सुटतो. प्रत्यक्षात अंबाल्यातल्या त्या दाम्पत्यासारख्यांचे पैसे फिरवायला अशीच खाती लागतात. पोलिसांच्या भाषेत ‘म्यूल अकाउंट’, म्हणजे दुसऱ्याचं ओझं वाहणारं खेचर. १ डिसेंबर २०२५ ला सुप्रीम कोर्टाने डिजिटल अरेस्टचा तपास सीबीआयकडे दिला, तेव्हा अशा खात्यांमागे बँकेतल्या कुणाचा हात आहे का, हेही तपासायला सांगितलं. संशयित खाती ओळखून गोठवण्यासाठी एआयचा वापर का होत नाही, असं कोर्टाने रिझर्व्ह बँकेला विचारलं. तेव्हा खातं भाड्याने देणाऱ्याला ‘मला माहीतच नव्हतं’ म्हणून सुटता येईल, या भ्रमात राहू नका.

काही वेळा मात्र माणूस खरंच निर्दोष असतो. तुम्ही जुना लॅपटॉप विकला, घेणाऱ्याने यूपीआयने पैसे दिले आणि ते पैसे चोरीचे निघाले. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ नुसार पोलीस संशयित मालमत्ता ताब्यात घेऊ शकतात आणि त्याच आधारे बँक खातीही गोठवली जातात. मग व्यवहार आठ हजारांचा आणि अडकलं अख्खं खातं, फीचे पैसेसुद्धा, अशी अवस्था होते. अशा तक्रारी घेऊन अनेक जण हायकोर्टात गेले. केरळ हायकोर्टाने २०२३ मध्ये बँकांना सांगितलं की वादातल्या रकमेपुरतीच रोख ठेवा, सगळं खातं बंद करू नका. असं काही झालं तर बँकेकडून लेखी माहिती घ्या. कुठल्या पोलीस ठाण्याची सूचना आहे, तक्रार क्रमांक काय, किती रकमेबद्दल आहे, हे विचारा. विक्रीचे चॅट्स, बिल, कुरिअरची पावती जपून ठेवा आणि त्या पोलीस ठाण्याला लेखी कळवा.

खोटा आदेश कसा ओळखायचा?

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे येऊ. वरची सगळी उदाहरणं एकदा डोळ्यासमोर आणा. प्रत्येक खऱ्या आदेशाने काहीतरी थांबवलं. वेबसाइट थांबली, व्हिडिओ थांबला, वसुली थांबवायला सांगितली, मालमत्तेची विक्री अडली. व्हिडिओ कॉलवर दाखवला जाणारा खोटा आदेश याच्या बरोबर उलट वागतो. तो तुम्हाला घाईघाईने पैसे हलवायला सांगतो. ‘पडताळणीसाठी’ म्हणा, ‘सुरक्षित खात्यात’ म्हणा, शेवटी पैसे जातात दुसऱ्याच्या खात्यात.

कोर्ट कधीच पैसे भरायला सांगत नाही असं नाही. पण त्याआधी नोटीस येते, वकील लावता येतो, म्हणणं मांडता येतं, रक्कम कोर्टात जमा होते आणि पावती मिळते. कुणाला सांगू नका, कॅमेरा बंद करू नका, अशा अटी कुठलंही कोर्ट घालत नाही. ‘डिजिटल अरेस्ट’ नावाची गोष्टच आपल्या कुठल्या कायद्यात नाही. शिवाय प्रकरण क्रमांक हाती असेल तर खरं प्रकरण शोधता येतं. जिल्हा न्यायालयातल्या प्रकरणाला १६ अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो आणि तो ई-कोर्ट्सच्या ॲपवर टाकता येतो. हायकोर्ट आणि सुप्रीम कोर्टाच्या संकेतस्थळांवरही आदेश बघता येतात. आई-बाबांच्या, आजी-आजोबांच्या फोनमध्ये ते ॲप टाकून द्या आणि एकदा वापरून दाखवा. फॉरवर्ड पाठवण्यापेक्षा ते जास्त उपयोगाचं.

आणि तरीही पैसे गेले तर

आधी १९३० वर फोन करा, किंवा सायबर क्राइमच्या सरकारी पोर्टलवर तक्रार नोंदवा. मित्राला विचारू, रात्री बघू, घरी कळलं तर काय, या विचारात गेलेला प्रत्येक तास चोराच्या फायद्याचा. बँकेलाही लगेच कळवा. रिझर्व्ह बँकेच्या २०१७ च्या परिपत्रकानुसार बँकेची किंवा तुमची चूक नसताना बाहेरच्या कुणी तुमच्या खात्यातून अनधिकृत व्यवहार केला आणि तुम्ही बँकेकडून सूचना आल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलंत, तर तुमची जबाबदारी शून्य धरली जाते. तुम्ही स्वतः ओटीपी दिला असेल तर मात्र हे संरक्षण तसं मिळत नाही.

पुरावा त्याच दिवशी गोळा करा. व्यवहाराचा यूटीआर क्रमांक, वेबसाइटचा पूर्ण पत्ता दिसेल असा स्क्रीनशॉट, प्रोफाइलची लिंक, चॅट एक्स्पोर्ट. ग्रुपमधून रागाने एक्झिट होण्याआधी हे करा. ‘प्रथमदर्शनी दम’ कोर्टाला दिसतो तो अशाच कागदांतून.

१९३० मुळे रक्कम कुठे अडवली गेली, तर ती बहुतेक वेळा आपोआप परत येत नाही, हेही माहीत असू द्या. ती मिळवण्यासाठी मॅजिस्ट्रेटच्या कोर्टात अर्ज करता येतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलम ४९७ आणि ५०३ त्यासाठी वापरली जातात. पोलीस ठाण्यातल्या तपास अधिकाऱ्याला तसं विचारा.

समोर सायबर चोर नसून एखादा क्लास किंवा कंपनी असेल, तर ग्राहक आयोगाचं दार उघडं आहे. समजा क्लासने भरमसाट आश्वासनं देऊन तुमच्या नावावर कर्ज काढलं, मग शटर ओढलं आणि हप्ता मात्र खात्यातून जातोच आहे. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ च्या कलम ३८ (८) नुसार तक्रार चालू असतानाच जिल्हा आयोग अंतरिम आदेश देऊ शकतो. म्हणजे निकाल लागेपर्यंत हप्त्याची वसुली थांबवा, अशी मागणी करता येते. ती मान्य करायची की नाही हे आयोग ठरवेल, पण तक्रारीसोबत स्वतंत्र अर्ज केल्याशिवाय ती विचारात येणं कठीण. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहारासाठी आयोगाकडे तक्रारीची फी लागत नाही. आधी सल्ला हवा असेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर आहे. लॉ कॉलेजमध्ये मैत्रीण असेल तर तिला त्यांच्या विधी सेवा केंद्राबद्दल विचारा.

पाचशे रुपये गेले म्हणून कोण तक्रार करणार, असं बहुतेकांना वाटतं. फसलो हे सांगायची लाजही वाटते. पण तुमचे पाचशे गेले त्या लिंकवर पुढच्या तासाला कुणाची तरी सेमिस्टरची फी जाणार असते. कोर्ट स्वतःहून फार क्वचित दखल घेतं. अंबाल्याच्या प्रकरणातही सगळं सुरू झालं ते त्या दोघांनी झालेली फसवणूक न लपवता पत्र लिहिलं म्हणून.